कुरामोची आणि दुसरा

बेडोक, ३ मार्च २०२५

चि. ऋतास आजोबांचे अनेक आशीर्वाद.

फोनवर तू मला मध्येच तोडतेस, म्हणून कागद घेतला. तुझ्या पीएच.डी.च्या प्रबंधातून कुरामोचीचं प्रकरण तू काढलंस, हे तुझ्या बापाकडून कळलं. मला सांगायला तोंड नव्हतं का?

आठ महिने तू आणून दिलेले जुने जपानी सिनेमे पाहिले. मी सातवी शिकलेला. खालची इंग्रजी ओळ वाचेपर्यंत पुसली जाते, म्हणून माणसंच पाहिली. युद्धानंतर वीस वर्षं कुरामोची हा नट पडद्यावर आला. कधी हवालदार, कधी खानावळवाला, बहुतेकदा अर्ध्यातच मेला. नावांच्या पाटीवर दोनदाच. आणखी नऊ सिनेमांत मी तो कानांवरून आणि उजवी चप्पल आधी काढायच्या सवयीवरून ओळखला. आता तुझ्या सरांना म्हाताऱ्याची नजर चालत नाही. त्यांनी स्वतः किती पाहिलेत, विचार.

वेळेवर जेवत जा. रागावलेला असलो तरी तुझाच,
आजोबा

बुओना व्हिस्टा, ८ मार्च

ती. आजोबांस ऋताचा शि. सा. नमस्कार.

सरांना बोल लावू नका, प्रकरण मीच काढलं. जुने सिनेमे अभ्यासणाऱ्या टोकियोच्या एका बाईंनी कागद पाठवला. १९५८ चं सबंध साल कुरामोची क्षयाच्या इस्पितळात होते. तुमच्या नवांतले तीन सिनेमे त्याच वर्षी चित्रित झालेत. तीन चुकले तर बाकीचे सहा कशाच्या भरवशावर छापू? तुम्हाला सांगायचा धीर झाला नाही.

बाबा म्हणतात, हॉकर सेंटरमधल्या, त्या खाण्याच्या गाळ्यांतल्या, कॉफीवाल्यालाही तुम्ही कुरामोची ठरवलंत. रागवा, पण माया आटू देऊ नका.
तुमची ऋता

बेडोक, १६ मार्च

चि. ऋतास आशीर्वाद.

तुझा कागद खोटा ठरवायला बसलो. तिन्ही सिनेमे पुन्हा पाहिले, थांबवून थांबवून. तुझा बाप विश्वास म्हणाला, बाबा, डोळे जातील. त्याला गप्प बसवला.

तो कुरामोची नव्हे. कान सारखे आहेत, पण हा डावी चप्पल आधी काढतो. मी घाईत कान पाहून मोकळा झालो. आजोबा चुकले असं प्रबंधात स्वच्छ लिही. उरलेले सहाही तपासले. तिथे उजवीच.

पण तिन्हींत माणूस एकच आहे. म्हणजे एक आजारी पडला, त्याच्यासारखा दिसणारा आणून उभा केला, पडद्यावर मारला, आणि कुणाला पत्ता नाही. आता मला आधीपेक्षा जास्त राग आलाय. कुरामोचीचा निदान इस्पितळाचा तरी कागद आहे. ह्याचं काय आहे?

प्रकरण परत घाल, दोघांचं कर. टोकियोच्या बाईंना आजच लिही. हा दुसरा कुठे कुठे येतो ते मागच्या पानावर मांडलंय. नावाची जागा मोकळी सोडली आहे, ती तू भर.

तुझा,
आजोबा