पंचवीस सूर

शेफील्ड
गुरुवार, १९ नोव्हेंबर १९८७

प्रिय नेव्हिल,

आपल्या ग्रुपची, म्हणजे आता तुझी, दुसरी रेकॉर्ड मी शनिवारी ऐकली. विकत घेणार नव्हतेच. पण शेजारच्या मॉरीनच्या मुलीने ती आणली आणि इतक्या मोठ्याने लावली की भिंतीपलीकडून मीच गाताना मला ऐकू आले. आई माझ्याकडे जेवायला आली होती. काटा खाली ठेवून म्हणाली, "अगं, ही तूच की. कधी गायलीस हे?" मी गायलेच नव्हते, तर काय सांगू तिला?

मार्चमध्ये डॉक्टरांनी मला दीड महिना गप्प बसायला सांगितलं. त्याच्या आदल्याच आठवड्यात तू तो सॅम्पलर आणला होतास, कुठलाही आवाज आत घेऊन पट्ट्यांवर वाजवणारा. सुऱ्याकात्र्यांच्या त्या जुन्या कारखान्यात, आपल्या स्टुडिओत, घरघर नको म्हणून तू हीटर बंद केलास आणि मला कोट घालून माइकसमोर उभं केलंस. पंचवीस पट्ट्या, पंचवीस सूर, प्रत्येक सूर चार सेकंद. आधी 'आ', मग 'ऊ'. तू म्हणालास, "घसा सांभाळ गं बाई. कच्ची गाणी मशीन गाईल, खरी तू गा." किती बरं वाटलं होतं मला तेव्हा. मूर्ख मी.

मग दीड महिना मी पाटीवर लिहून बोलत होते. तू चिप्स घेऊन यायचास, मला आवडतं तसं व्हिनेगर जास्त घालून. गाणी कुठवर आली असं लिहिलं की "होतंय, होतंय" म्हणत किटली ठेवायला उठायचास. तेव्हा तू ती सगळी गाणी माझ्याशिवाय पुरी करत होतास, आणि इकडे मी चिप्सबद्दल पाटीवर तुझे आभार मानत होते.

ते मशीन आहे, दुसरी कुणी बाई नाही, हे कळायला मला वेळ लागला नाही. अठराव्या सुराच्या जरा आधी खालच्या मजल्यावरचा रॉन जिन्यात शिंकला होता, आठवतंय? मला हसू आवरेना आणि सूर हलला. मी म्हटलं, परत घेऊ. तू म्हणालास, "राहू दे गं, कुणाला ऐकवायचंय?" आता ती पट्टी जिथे जिथे वाजते तिथे मी अगदी तशीच हसते, त्या रडक्या शेवटच्या गाण्यातसुद्धा. एका शहाण्या समीक्षकाने त्याला यंत्रातली थरथर म्हटलंय. रॉनची शिंक आहे ती.

कव्हर उलटून पाहिलं. 'सर्व ध्वनी: नेव्हिल.' आभारात रॉन आहे, मी नाही. टीव्हीवर ती नवी मुलगी माझ्या आवाजावर ओठ हलवते. तिच्यावर माझा राग नाही, तिला तू काय सांगितलं असशील ते मला माहीत आहे. तू मला काढून दुसरी गायिका घेतली असतीस तर चार शिव्या हासडून मी गप्प बसले असते. पाच वर्षं आपण एका व्हॅनमध्ये झोपलो, एका थर्मासमधला चहा प्यायलो. तू मागितलं असतंस तर मी दिलंही असतं, आणि हेच मला सगळ्यात जास्त लागलंय.

आता हे पत्र कशासाठी ते लिहिते. उद्या-परवा तुला माझ्या वकिलाचं पत्र मिळेल. सॅम्पलरने घेतलेले माझे सूर ज्यांवर साठवले आहेत त्या सगळ्या फ्लॉपी साक्षीदारासमोर पुसून टाकाव्यात, असं त्यात आहे. सोमवारी रागाच्या भरात मीच तसं लिहायला सांगितलं. काल इस्पितळात गेले होते. घशातली गाठ काढावीच लागणार आहे, मंगळवारी. बोलता येईल, पण गाणं विसरा, असं डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं. आत्ताच एवढी सूज आहे की साधा 'आ'सुद्धा निघत नाही. वकिलाचं बाकी सगळं तू ऐकायचंस, कव्हरवर माझं नाव छापायचंस, आणि मी तुला माफ केलेलं नाही हेही लक्षात ठेवायचंस. पण नेव्हिल, त्या फ्लॉपी पुसू नकोस. पहिल्या रेकॉर्डवर माझी जुनी गाणी आहेत. उद्या मला एखादं नवं सुचलं, तर ते गायला माझ्याकडे एवढेच पंचवीस सूर उरणार आहेत, आणि ते तुझ्या कपाटात आहेत.

नाइलाजाने अजून तुझीच,
ग्लेनिस