सुपात ठेवलेली मूठ

१२ नोव्हेंबर, मंगळवार
माफ कर, वही. दिवाळी उलटून गेली, आज हात लावतोय. कारण मोबाईल. मुलाने, विनीतने, त्याचा जुना दिला. त्यात कुठकुठले परदेशी सिनेमे निघतात. एक संपला की दुसरा आपोआप लागतो. बर्फाचे, मेंढरांचे, होड्यांचे. भाषा कळत नाही, खालची अक्षरं इंग्रजी, माझी शाळा चौथीपर्यंत. पण माणूस काय करतो ते कळतं.

आज काळापांढरा एक लागला. भातशेती! तिकडेही भात! खळ्यावर एक बाई पाखडत होती. शेवटी तिने सूप पालथं केलं नाही — मूठभर दाणे आतच ठेवले.

माझी बायको बनू अगदी हेच करायची. "सूप रिकामं ठेवलं की घर रिकामं होतं." बदलापूर गावातल्या आमच्या खळ्यावर, दर सुगीला.

परत पहिल्यापासून लावला.

१३ नोव्हेंबर
सूनबाईला दाखवला. सुषमा एमआयडीसीतल्या कारखान्यातली पाळी करून आली होती, पाय चोळत बसली होती.
"बाबा, ही इराणातली आहे. आईंसारखी कुठे दिसते?"
दिसत नाही. पण मनगट तिचं. हाताच्या पाठीने कपाळ पुसणं तिचं.

बनूचं हलतं-बोलतं काहीच नाही माझ्याकडे. रेशनकार्डावरचा फोटो मोठा करून भिंतीला लावलाय, तेवढाच. करोनात नेली ती नेलीच. तोंडही बघू दिलं नाही.

१५ नोव्हेंबर
हजारो सिनेमे. त्यात हा परत सापडला नाही तर? सकाळपासून हाच घोर.

खाली एक छोटा झेंडा दिसला. जीव भांड्यात पडला. बारवीच्या रानात आपल्या मोळीला लाल चिंधी बांधून ठेवायचो, चुकू नये म्हणून. तसंच असणार. दाबला. इंग्रजीत काहीबाही विचारलं, मी पहिलंच दाबत गेलो. आता रोज चहा झाला की सिनेमा बघायचा आणि झेंडा दाबायचा. चिंधी सुटायला नको.

१७ नोव्हेंबर
कोंडाजीला सांगितलं. गावचा सोबती, आता तोही अंबरनाथलाच. बाकावर बसल्या बसल्या म्हणतो, "या वयात इराणी बाई? बनूवहिनी वरून सूप फेकून मारील."
मग दाखवला. संपेपर्यंत मोबाईल त्यानेच हातात धरला. नंतर हळूच म्हणाला, "परत लाव."

२० नोव्हेंबर
नाही. सिनेमाच्या जागी नुसती काळी पाटी. सुषमा म्हणते, काढून टाकलाय.
जेवण गेलं नाही.

२१ नोव्हेंबर
दुसरे लागतात. बंद करतो.

सिनेमा चढवणाऱ्याचा पत्ता सुषमाने शोधला. मी सांगत गेलो, मोबाईलने त्यांच्या भाषेत करून दिलं. बनूचं, सुपाचं, सगळं.
"बाबा, अनोळखी माणसाला एवढं?"
"लिही."

२४ नोव्हेंबर
उत्तर आलं. सुषमाने वाचून दाखवलं. त्या बाईचा मुलगा आहे तो. चित्रण त्याच्या वडिलांनी केलेलं. आई या वर्षी गेली, चार लोकांनी तिला बघावं म्हणून त्याने लावलं. पण कुणीतरी रोज त्यावर तक्रार करत होतं. मेलेल्या आईची विटंबना कशाला, म्हणून त्याने स्वतःच काढलं. "तिने कुणाचं काय वाईट केलं होतं?" असं विचारलंय.

सुषमाने दुसऱ्या एका सिनेमाखालचा झेंडा बोटाने दाखवला. "बाबा, हा खालचा झेंडा दाबायचात का तुम्ही? तो तक्रारीचा असतो."

लिहायला लावलं — तो मीच. मी चिंधी बांधत होतो, तुझी आई हरवू नये म्हणून. परत लावू नकोस हवं तर. पण राग गेला का, तेवढं कळव बाबा. लवकर कळव.