मारबत आणि माझा राजीनामा

२१ ऑगस्ट १९३८, रविवार
विलायतेतला वार्ताहर पेलहॅम साहेब सिव्हिल लाइन्सात उतरला आहे. हल्ली रेडिओवर बोलतो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीच्या आपल्या मारबतीच्या मिरवणुकीवर टॉक देणार, दुभाषी पाहिजे. अर्ज टाकला.
साहेबाची कारकीर्द : जहाजावर कारकून, वऱ्हाडात जिनिंग फॅक्टरीवर सहा वर्षं, मग वार्ताहर, घोड्यांच्या शर्यती, एक लढाई, आता रेडिओ. माझी : जंगलखातं, विमा, नाटक कंपनीत प्रॉम्प्टर, साप्ताहिक (अंक दोन), सध्या मास्तर. वळण तेच. फक्त रेडिओ राहिला.

२३ ऑगस्ट
निवड झाली. मुलाखतीत मीच बोललो, साहेब नुसता हसत होता. आवाज आवडला असावा. आजपासून आवाजासाठी मिरची बंद.

२४ ऑगस्ट, सकाळी
मिरची चालू. एकदम सोडणं प्रकृतीला वाईट.

दुपारी
वर्गात बसवेना. हेडमास्तर कृष्णकांतरावांना राजीनामा दिला. कारण : ब्रॉडकास्टिंग. ते म्हणाले, सध्या ड्रॉवरमध्ये ठेवतो. खुशाल ठेवा म्हटलं.
घरी बायको, सुभद्रा, म्हणाली, काहून दिला? साहेबानं नोकरी देतो म्हनलं का तुमाले? म्हटलं, अशा गोष्टी बोलायच्या नसतात. ती म्हणाली, हे पाचवी नोकरी. आता मी पोरी घेऊन वर्ध्याले भावाकडे जातो. बायकांना करिअर कळत नाही.

२६ ऑगस्ट, मारबत
तोबा गर्दी. पिवळी मारबत आली, बाईचा भला मोठा पुतळा; गावाची पीडा घेऊन जाते म्हणतात. लोक ओरडत होते, खोकला घेऊन जा गे मारबत, रोगराई घेऊन जा गे मारबत. मी भराभर इंग्रजी करत होतो. तेवढ्यात एका ओट्यावरून ओळखीचा आवाज आला : माह्या नवऱ्याची नोकऱ्या सोडाची खोड घेऊन जा गे मारबत. सुभद्रा. तीनदा. शेजारच्या बायांनीही सूर धरला.
साहेबानं विचारलं, ही बाई काय म्हणते? प्रसंगावधान राखून सांगितलं, पाऊस मागते. साहेब बराच वेळ लिहीत होता. पावसावर एवढं काय लिहायचं?

३१ ऑगस्ट
साहेब मुंबईला गेला. बोलावणं येईलच. ट्रंक भरली. सुभद्रेनंही भरली, वर्ध्यासाठी.

४ सप्टेंबर, रविवार
लकडगंजात लाकडाचे व्यापारी नत्थूजी यांच्याकडे रेडिओ आहे. सगळ्या मोहल्ल्याला ऐकायला बोलावलं. हेडमास्तरांनाही मुद्दाम.
साहेब इंग्रजी बोलता बोलता थांबला आणि अस्सल वऱ्हाडीत म्हणाला, माह्या नवऱ्याची नोकऱ्या सोडाची खोड घेऊन जा गे मारबत. जिनिंगची सहा वर्षं माझ्या ध्यानातून गेली होती. मग त्यानं इंग्रजीत सगळा अर्थ सांगितला. वर म्हणाला, माझी बायको तिथं असती तर तीही ओरडली असती. माझं नाव कुठंच नव्हतं. आधी नत्थूजी हसले, मग सगळेच. सुभद्रा हसली नाही. मला मान वर करवेना.

५ सप्टेंबर
शाळेत गेलो. हेडमास्तरांनी ड्रॉवरमधून राजीनामा काढून फाडला. म्हणाले, मारबतच घेऊन गेली समजा. तिसरीला भूगोल घेतला.
घरी आलो तर सुभद्रा ट्रंकेतली लुगडी काढून खुंटीवर टाकत होती. ताटात मिरचीचा ठेचा वाढला होता. दोनदा घेतला. आवाज जपायचं आता कारण नाही.