अंगठा माझा नाही

५ मार्च २०२५, बुधवार

लखन आज फोनवर म्हणाला, "आई, तूच कुठंतरी बटण दाबलं असशील. तुला आता आठवत नाही." म्हणून ही वही. आजपासून तारखेनिशी लिहिणार. काय आठवतं आणि काय नाही, ते कागदावर राहील.

झालं ते असं. कार्डाचं फेब्रुवारीचं विवरणपत्र आलं. नेहमीप्रमाणे एकेका ओळीवर खूण करत गेले. गॅस — माझा. रक्तदाबाच्या गोळ्या — माझ्या. मेंढ्यांची लस — जाऊबाईंची, मीच घेऊन दिली. चौथी ओळ: एसकेपी, १,२९८ रुपये. हे कोण? या नावाच्या दुकानात मी पाय ठेवलेला नाही.

लखनचं पुढचं वाक्य जास्त झोंबलं. "पाडव्याला येतो, तेव्हा कार्ड माझ्याकडे दे. पुण्याहून मीच सगळं बघत जाईन." एकतीस वर्षं हायस्कुलात इतिहास-भूगोल शिकवला. माझं पेन्शन, माझं कार्ड — आणि ते मुलाच्या खिशात? पाडवा तीस तारखेला. तोवर ही ओळ कोणाची ते शोधायचं. नाही सापडलं तर कार्ड देईन, असं त्याला सांगून बसले आहे!

६ मार्च, गुरुवार

चौसाळ्याच्या बाजारात तीन दुकानं पालथी घातली. पाटीवर एक नाव आणि मशीनच्या चिठ्ठीवर दुसरंच, असं असतं म्हणे. औषधवाले अर्जुनराव म्हणाले, "मॅडम, माझं मशीन तर वडलांच्या नावानं हाय, त्यांना जाऊन सहा वर्षं झाली. पर एसकेपी या पेठेत कुनी न्हाई." गॅसवाल्याकडेही नाही. जनावरांच्या औषधाच्या दुकानातही नाही. तीन नावं खोडली.

परत आले तर रतनबाई ओट्यावर. ही माझी धाकटी जाऊ. तिचे यजमान मुंजाजी मेंढरं घेऊन गोदाकाठाला गेलेत, त्यामुळे हिला दिवसभर माझीच काळजी.
"अक्का, कावून जिवाला लावून घेता? बाराशेत कोकरू बी येत न्हाई."
म्हटलं, "कोकरू कुणी नेलं असतं तर?"
"तंगडं मोडलं असतं त्याचं!"
"मग?"
 हसायला लागली.

८ मार्च, शनिवार

बँकेकडून महिला दिनाच्या शुभेच्छा. गुलाबाचं चित्र. शाखा बंद!

१० मार्च, सोमवार

शाखा उघडायच्या आधी दारात उभी. खिडकीवर बद्रीनाथ नावाचा कारकून. मान वर न करता, "काय काम हाय, आजी?"
"आजी घरी. इथे मॅडम."
मान वर झाली.

अर्ज दोन प्रतींत नेला होता. "तोंडी सांगितलं तरी चालतंय," म्हणाला. मला चालत नाही. शिक्का मारून घेतला, तारीख घालून घेतली. मग त्याने संगणकात पाहिलं. एसकेपी म्हणजे सुरक्षा कवच प्लस! कार्ड चोरीला गेलं तर भरपाई देणारी कसलीशी योजना, वर्षाला एवढे पैसे. "तुमीच घेतली की, मॅडम. जानेवारीच्या तिसऱ्या आठवड्यात तुमच्या वस्तीवर बँकेचं शिबिर झालं, तवा. संमती हाय तुमची."

जानेवारीचा तो आठवडा मी लखनकडे पुण्यात होते. बसचं तिकीट मात्र ठेवलेलं नाही.

"संमती दाखवा," म्हटलं.
"फॉर्म बीडला असत्यात."
"मग मागवा. मी पुन्हा येते."

१७ मार्च, सोमवार

मोबाइलवर संदेश: ग्राहकाची संमती आढळल्याने तक्रार बंद करण्यात येत आहे. बंद! मला न विचारता!

लखनला सांगायला नको होतं. मी पुण्याला नक्की कोणत्या आठवड्यात होते, ते त्यालाही आठवेना. "बघ, मी म्हणत होतो," म्हणाला. आवाजात राग नव्हता, ते जास्त वाईट.

१८ मार्च, मंगळवार

दुपारभर कपाट उपसलं. पिशव्या झटकल्या. खरंच कुठे सही करून बसले असेन का? शिबिर वेगळ्या दिवशी असेल, कुणी कागद पुढे केला असेल, चष्मा नसेल… हे फक्त इथे लिहिते. कुणाला सांगणार नाही.

संध्याकाळी दुसरा अर्ज लिहिला. फॉर्म डोळ्यांनी पाहिल्याशिवाय हटणार नाही.

२४ मार्च, सोमवार

आजचा दिवस जपून लिहिते.

मॅनेजर राधाकिशन साहेबांनी स्वतः बोलावलं. फॉर्म बीडहून आला होता. "मॅडम, तुमचं समाधान होऊ दे," म्हणून माझ्यापुढे सरकवला. नाव माझं. खाली धनगरवस्ती, चौसाळा. कार्डाचा क्रमांक बरोबर. आणि सहीच्या जागी — अंगठा! जांभळ्या शाईचा, ठसठशीत!

मनातल्या मनात टाळी वाजवली. आनंदाने!

"साहेब, हे काय आहे?"
"तुमचा अंगठा."
"माझ्या खात्याचा मूळ कागद काढा."
काढला. त्यावर माझी सही. मग पेन्शनचे दाखले काढायला लावले. एकेक वर्षाचे. सही, सही, सही. म्हटलं, "मी अंबाजोगाईची बी.ए. आहे, अठ्ठ्याहत्तर सालची. आजवर कुठेही अंगठा लावलेला नाही. हा कोणाचा आहे ते तुम्ही सांगा."

साहेबांनी बद्रीनाथकडे पाहिलं. तो टेबलाकडे पाहून बोलला, "योजनेच्या एजंटानं वस्तीच्या कार्डांची यादी नेलती, साहेब… वस्तीवरल्या बाया सही कुठं करत्यात, असं वाटलं असंल त्याला—"

वाटलं! यादीत आमच्या वस्तीचं नाव दिसलं आणि सगळ्या बायका अंगठाबहाद्दर ठरल्या. चोरी केली ती केली, पण पत्ता वाचून केली!

मी उठले नाही. "वस्तीचे बाकीचे फॉर्म दाखवा." साहेब म्हणाले, दुसऱ्यांचे कागद दाखवता येत नाहीत. "मग तुम्हीच बघा. मी बसते." त्यांनी गठ्ठा सोडला. माझा धरून तेवीस फॉर्म. साहेब एकेक उलटत गेले, आणि त्यांचा चेहरा उतरत गेला. नावं आणि ठसे मला समोरून दिसत होते: प्रत्येक ठशावर मधोमध तीच आडवी चीर, जुन्या जखमेची असते तशी. बायका तेवीस, अंगठा एक!

२५ मार्च, मंगळवार

वस्तीवर सांगितलं. रतनबाईने आधी सगळं ऐकून घेतलं.
"माजे बी गेले?"
"बाराशे अठ्ठ्याण्णव."
"त्याचं मढं बशिवलं! अक्का, चला आत्ताच!"
"कोकरू येत नाही ना त्यात?"
"आवो, पैसा हाय त्यो!"

टेंपो करून माझ्यासकट बावीसजणी शाखेत. छबुबाई तेवढी सुनेच्या बाळंतपणाला गेलेली, तिचा अर्ज मी नेला. एकोणीसजणींच्या सह्या निघाल्या — मोडक्या, तिरक्या, पण सह्या. तिघींचे अंगठे, त्यांचे स्वतःचे. बद्रीनाथने तेवीस शिक्के मारले. मोजून.

२८ मार्च, शुक्रवार

पैसे परत! तेवीसजणींचे, पै न पै. एजंटावर फिर्याद झाली. साहेबांचं माफीचं पत्र आलं. "श्रीमती" असं लिहिलंय, "आजी" नाही.

लखनला फोन करून पत्र अथपासून इतिपर्यंत वाचून दाखवलं. "कार्ड मी देत नाही," शेवटी सांगितलं.  तो म्हणाला, "बरं झालं, आई."

३० मार्च, रविवार. पाडवा

लखन आला. कार्डाचा विषय काढला नाही. जेवण झाल्यावर पिशवीतून कागद काढले. "माझंही बघतेस का?"

तासभर बघितले. एकही ओळ परकी नाही. सगळ्या त्याच्याच. दर महिन्याला फक्त किमान रक्कम भरलेली. थकबाकी तीन लाख बारा हजार. माझं कार्ड कशाला हवं होतं, ते मी विचारलं नाही.

लखनकडून आज मिळाले: विवरणपत्रे, चौदा. त्याचे कार्ड, एक.