जाळी कोणी काढली

४ नोव्हेंबर
कॉलिन आला. एकवीस वर्षांनी. ओळखलं नाही. म्हटलं, मी वंदना, राजस्थानच्या पिक्चरला तुमच्या हाताखाली ड्रॉइंग करायची. "असेल. तेव्हा बऱ्याच मुली होत्या."
या विलायती सीरियलचा तो प्रॉडक्शन डिझायनर, मी आर्ट डायरेक्टर. सेट कसा दिसणार ते तो ठरवणार, उभा मी करणार. भिवंडीतल्या लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या, कारखान्याची गोष्ट. सेट अंजूरच्या गोडाऊनमध्ये, घरापासून चालत दहा मिनिटं. आई खूश. "डबा नको न् काय नको. जेवाला घरीच ये."

७ नोव्हें.
त्याला नारपोलीत खरा कारखाना दाखवला. अशाच शेडमध्ये माझ्या वडिलांनी, दादांनी, सव्वीस वर्षं काढली, ते सांगितलं नाही. नाकाला रुमाल लावून पाच मिनिटांत बाहेर. "इथे गरिबी दिसत नाही. भिंती काळ्या हव्यात."
म्हटलं, कापसाची रुई उडते, इथे सगळं पांढरं होतं, पापण्यासुद्धा. काळ्या भिंतीला घासून कापड डागाळलं तर मालक ठेवेल का कुणाला?
"कापड कोण बघतंय?"

१२ नोव्हें.
जेवणाच्या सुट्टीत साहेबांनी सगळ्यांना टॅबवर आपली कारकीर्द दाखवली. सोळाव्या वर्षी नाटकाचे पडदे रंगवायला लागला, मग टीव्ही, मग पिक्चर. मोठं बक्षीस दोनदा हुकलं. त्याची आई कापडगिरणीत होती म्हणे. लूमच्या आवाजाने ठार बहिरी झाली. मला राग आला. हे माहीत असून काळं फासतोस?
पुढच्याच फोटोत राजस्थानचा तो चौक. माझं ड्रॉइंग. तेरा रात्री बसून केलेलं. खाली त्याची सही.
का नाही बोलले?

१९ नोव्हें.
भिंती काळ्या झाल्या. पेंटर हसत होते.
रहमतचाचांनी सेटवरचे चारही लूम चालू करून दिले. चाचा नारपोलीचे जुने जॉबर, आयुष्यभर लूम दुरुस्त केले. दादांना ओळखायचे. कॉलिन त्यांना 'तो म्हातारा' म्हणतो. स्वतः अडुसष्ट.

२५ नोव्हें.
भांडण. लूमपुढे जाळी असते, आडवं सूत घेऊन धावणारा टोकदार धोटा उडाला तर अडवायला. कॅमेऱ्याला आडवी येते म्हणून कॉलिनला ती नको. चाचा म्हणाले, "मॅडम, समझाओ इनको. जाली निकाली तो धोटा गोली जैसा आएगा." मी तसंच सांगितलं. तो म्हणाला, चाळीस वर्षं सेट करतोय, मला शिकवू नकोस.
मी स्पष्ट नाही म्हटलं. आणि सूत बघायला नारपोलीला निघून गेले.
मागे त्याने सुताराकडून जाळी काढून घेतली. लूम चालू केला. धोटा सुटला तो चाचांच्या डाव्या डोळ्यावर.
मी तिथे थांबायला हवं होतं.

२६ नोव्हें.
हॉस्पिटल. ऑपरेशन झालं. डोळ्याचं डॉक्टर नक्की सांगत नाहीत. चाचांच्या सुनेने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

२७ नोव्हें.
प्रॉडक्शन मॅनेजरने कागद पुढे केला. 'आर्ट डायरेक्टरच्या सूचनेवरून जाळी काढण्यात आली.' फक्त सही करायची. "फॉर्मॅलिटी आहे मॅडम. इन्शुरन्सला लागतं." कॉलिनने आपली सही आधीच केलेली. तीच सही, लांब शेपटीची.
कागद तिथेच ठेवून आले.

२९ नोव्हें.
कॉलिन घरी आला. एकटा, रिक्षाने. आईने चहा दिला.
म्हणाला, "माझं हे शेवटचं काम. तुला अजून मिळतील."
"आणि चाचांना?"
कप खाली ठेवत म्हणाला, तुला पहिली संधी मीच दिली होती.
म्हणजे ओळखलं होतं. पहिल्या दिवसापासून. मी दार दाखवलं.
तो गेल्यावर आई, "चहा तसाच ठेवून गेला गो."
ठेवू दे.

३० नोव्हें.
चाचांना भेटले. पट्टी तशीच. खरं लिहून देते म्हटलं, तर घाबरले. "सेट बंद मत कराओ, बेटी. चालीस लोगों का काम है."
"चाचा, तुमची आँख गेली तर... "
"गई ही समझो. तू अपना देख."
गॅलरीत येऊन रडले. त्यांच्यासमोर नाही.

१ डिसेंबर
सकाळी लिहून मेल केला. कंपनीला, परदेशातल्या निर्मात्यांनाही. 'जाळी कॉलिनने काढायला लावली. मी विरोध केला, पण तिथे थांबले नाही.' ते शेवटचं वाक्य दोनदा खोडलं, दोनदा लिहिलं.
उत्तर नाही.
संध्याकाळी कॉलशीट आली, उद्या कुणी किती वाजता यायचं त्याची. शूटिंगचा पहिला दिवस. माझं नाव नाही. मॅनेजरला फोन केला. "आराम करा मॅडम, बऱ्याच दमलाय." पहिला शॉट कुठला? लूम चालू, समोर हीरोइन. जाळी लावली का? "ते कॉलिनसर बघतील."
सुताराला फोन. तो म्हणाला, न्हाय लावली ताई, सांगितलंच न्हाय कुणी.
गेट आठला उघडतं. साडेसातला जाऊन उभी राहते. वॉचमन गावातलाच आहे, तरी अडवेल. पोट भरायचंय त्यालाही.

आत सोडलं तर लूमसमोर उभी राहीन. नाही सोडलं तर गेटवरच हीरोइनची गाडी अडवीन.