दोरीवरचा फुटबॉल

आमच्या माजी कॅप्टनीणबाईंना आईचा आशीर्वाद.

मला लिहिता येत नाही, म्हणून शेजारची नर्स लिहून घेते आहे. वळणदार अक्षर बघून हुरळून जाऊ नकोस, जीभ माझीच आहे.

काल सकाळी तू तीनदा फोन केलास. तिन्ही वेळा विचारलंस, "आई, बाबांचा गुडघा कसा आहे?" बाळे, बाबांना जाऊन चार वर्षं झाली. दरवेळी मी "बरा आहे" म्हटलं. चौथ्यांदा घंटी वाजली, तेव्हा फोन उचललाच नाही. कुणाच्या बापाला न घाबरणारी मी, त्या घंटीला घाबरले.

डोक्यानं चेंडू उडवावा, हेडर मारावा तर हिनंच, असं लोक अजून म्हणतात. पण शिकवला कुणी? कपड्यांच्या दोरीला उशीच्या अभ्र्यात फुटबॉल टांगून मीच म्हणायचे, "डोक्यानं शंभर झाल्याशिवाय जेवण नाही!"

आता माझ्याकडे राहणारी तुझी लेक तोच अभ्रा घेऊन आली. "आजी, आईसारखा टांगून दे ना!" मी म्हटलं, "दोरी कुजली गं." ती शाळेत गेल्यावर धडधाकट दोरी कात्रीनं कापली. ओले कपडे आता खुर्च्यांवर वाळतात.

नर्स म्हणते, "मावशी, डोक्यावर वर्षानुवर्षं चेंडू आपटून असं विसरायला होऊ शकतं. लेकीला डॉक्टरकडे न्यायला हवं. पत्र आजच टाकते."

नको टाकू गं, नर्सबाई. वाचून लेक मला माफ करेल आणि दुपारी विसरेल. त्यापेक्षा मीच उद्या जाते, हे सगळं तोंडानं सांगते, तिला डॉक्टरकडे नेते. विसरली तर पुन्हा सांगेन. शंभर झाल्याशिवाय जेवणार नाही.

तुझी भित्री आई