कासवाचा महिना संपेना

चिवोले,
कासवाच्या ढोलाचा महिना,
दुसरी मगर आली ती संध्याकाळ

ति. दादास,
तेम्वानीचा शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र आणि साखर दोन्ही बोटीने पोचली. साखर संपली, पत्र अजून आहे. तू विचारतोस, लग्न नेमकं कधी? दादा, मलाही तेच कुणीतरी सांगा! पुढच्या महिन्याच्या पहिल्या आठवड्यात ठरलंय हे खरं. पण हा महिना संपायला कासवाची गोष्ट संपायला हवी, आणि गोष्ट सांगणाऱ्याची काठी या खेपेला आपल्या बाबांच्या हातात आहे. कासव ढोल पाठीवर घेऊन नदीपर्यंत पोचलं, तेव्हा सगळ्यांना वाटलं, सुटलो. तर बाबांनी पाण्यात मगर सोडली. तिची कशीबशी समजूत पटली, तर आज दुसरी!

गावाची पुरती पंचाईत झाली आहे. कसाव्याच्या कंदांची लावणी पुढच्या महिन्यातली, ती अडून बसली. शेजारची न्यागोंद्वे पोटावर हात ठेवून बाबांना रोज सुनावते, की माझा नववा महिना काय जन्मभर पुरवणार आहात? बाबांनी 'पुढे सांगू का' विचारलं की मोठी माणसं आता मुद्दाम गप्प बसतात. कुणीच 'तिलिपो', म्हणजे आम्ही आहोत, म्हणालं नाही तर गोष्ट तिथेच संपते. पण एका आवाजावरही ती पुढे सरकते, आणि बाबा पक्के! त्यांनी पोराटोरांना ऊस वाटून ठेवलाय. पोरं चघळत चघळत बोंबलतात, तिलिपो!

खुम्बो रोज पलीकडच्या काठावरून होडी वल्हवत येतो, ऐकतो आणि मान खाली घालून परत जातो. त्याच्या आईचा निरोप आलाय, की लग्नाची बिअर आंबून चालली, आणखी रखडवलंत तर आम्हाला दुसऱ्या मुली दिसतात. बाबांना सांगितलं, तर म्हणतात, कासव आहे, हळूच चालणार, त्याला मी काय करू? मला हसू येतं आणि रात्री रडूही येतं. खुम्बो हातचा गेला तर मी कुणाकडे बघू? काहीतरी कर.

सुकी मासळी पाठवली आहे, एकट्याने फस्त करू नकोस. आणि माया पातळ होऊ देऊ नकोस, एवढंच मागणं.

तुझी,
तेम्वानी


मझुझू,
११ ऑगस्ट

चि. तेम्वानीस अ. उ. आ.

मासळी पोचली. साहेबांकडे रजा मागायला गेलो. त्यांनी तारीख विचारली. मी म्हटलं, कासव नदीपार झालं की लगेच. साहेब दूरच्या गावचे. त्यांनी आधी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि हळूच विचारलं की रात्री ताप येतो का. शेवटी अर्जावर 'घरगुती कासव' असं कारण लिहून सही केली. भला माणूस!

बाबांवर चिडू नकोस. आई गेल्यापासून त्या घरात तुम्ही दोघंच. लग्नाचा महिनाभर तू माहेरीच असशील, पण तो संपला की खुम्बोच्या होडीतून पलीकडे जाशील, आणि चुलीपुढे उरतील बाबा आणि मांजर. हे तोंडाने कबूल करण्यापेक्षा ते नदीभर मगरी सोडतील.

उपाय एकच. सांगणाऱ्याच्या पोटच्या पोराला काठी मागता येते, आणि बापाला नाही म्हणता येत नाही. मी इथे, म्हणजे उरलीस तू. जो गोष्ट संपवतो त्याला पुढचा महिना सांगावा लागतो, हे खरं. म्हणजे नवरीच आपल्या लग्नाचा महिना सांगणार. सांग की! लहानपणी मला झोपू न देता बडबडायचीस, तेव्हा कुठे लाजत होतीस? फक्त मगरीला मारू नकोस. ती मगर कोण आहे, हे आता तुला कळलं.

धीर सोडू नये, आणि भावाला विसरू नये.

तुझा,
मापोपा


चिवोले,
नव्या महिन्याची पहाट

ति. दादास शि. सा. न.

निघ! आहेस तसा निघ!

काल काठी मागितली. बाबांनी दिली, पण सोडताना बोटं सुटेनात. मी म्हटलं, कासवाने मगरीला विचारलं, की बाई, मला का अडवतेस? मगर म्हणाली, तू पार गेलंस तर या काठावर ढोल कोण वाजवणार? कासव म्हणालं, मी त्या काठावर बसून वाजवीन. पाण्यावरून आवाज नीट येतो. संध्याकाळी इकडे येऊन ऐकत जा. मग मगरीने आपणच त्याला पाठीवर घेतलं आणि पलीकडे पोचवलं.

मी विचारलं, पुढे सांगू का? सगळे गप्प. पोरंसुद्धा ऊस तोंडात धरून गप्प. बाबांनी टोपी काढून तोंडावर धरली होती. महिना संपला, दादा! न्यागोंद्वेला तेवढ्यातच कळा सुरू झाल्या. मुलगी झाली, आणि ओरडण्यात ऊसवाल्या पोरांना मागे टाकते.

बाकी समक्ष. येताना साखर विसरलास तर लोभ राहणार नाही.

तेम्वानी


चिवोले,
सुगरणीच्या घरट्याचा महिना
(अजून)

चि. मापोपास अनेक आशीर्वाद.

लग्नात नाचून तुझा पाय मुरगळला होता, तो बरा असेल. तू गेल्यावर घडलं ते कळवतो.

तुझ्या बहिणीने महिनाभर सुगरणीची गोष्ट फार छान सांगितली. माझ्यापेक्षा छान, पण हे तिला कळवू नकोस. काल शेवटचा दिवस होता. खुम्बोच्या होडीत तिची भांडीकुंडी भरून झाली होती. सुगरणीचं घरटं विणून पुरं झालं, आत शिरायचं तेवढं राहिलं. तिथे पोरगी थांबली, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, इतक्यात पाण्यातून एक मगर वर आली.

सगळं गाव कण्हलं. न्यागोंद्वे म्हणाली, या घराला रोगच आहे. तेम्वानीने रडत रडतच विचारलं, पुढे सांगू का? कुणी बोलेना. या वेळी पोरांना ऊसही मिळाला नव्हता. माझ्या ओठांवर आलं होतं, पण मी दातांखाली दाबून धरलं. एकदा तिला अडवलं होतं, पुन्हा अडवायचं नव्हतं. पोरा, फार जड गेलं.

तेव्हा वाळूवरून, होडीच्या बाजूने, आवाज आला, तिलिपो! जावई होता. भांडी परत उतरवायलाही त्याने सुरुवात केली होती.

त्याला ऊस मी दिला नव्हता, आईशपथ.

सगळे खुशाल. आला दिवस गोड मानून राहावे, आणि म्हाताऱ्यावर जीव ठेवावा.

तुझा बाप,
योतामु